भिंतीला कान, दगडाला तोंड

"ऐकलाव का बाई, दगड बोललालाय म्हणं!"

मावशींच्या तोंडून बातमी आली, की ती आधी अर्धी गल्ली फिरून आलेली असते असं समजायचं. कंपाउंडच्या भिंतीवर त्यांनी तुरीच्या शेंगांचं सूप टेकवलं, पदर खोचला आणि सविस्तर सुरू झाल्या. कुण्या पाहुण्याच्या मोबाईलवर व्हिडिओ आलाय. कुठल्याशा खदानीत एक काळा दगड निघाला. त्याच्याजवळ बोललं की तो गुमान ऐकून घेतो आणि रात्री त्याच्यावरून हात फिरवला की जसंच्या तसं बोलून दाखवतो. बाप्याचा आवाज बाप्याचा, बाईचा बाईचा. शेळी ओरडली असली तर शेळीसुद्धा.

"कुठली खदान?" मी विचारलं.

"आता ते मला काय म्हाईत? येकजण म्हणतोय देगलूरकडं, येकजण म्हणतोय तेलंगणात."

म्हणजे कुठंच नाही. पण गप्पांना सातबारा लागत नाही. पलीकडच्या दारातून वैनी हात पुसत आल्या. "काय झालं? काय बोलायलेत एवढं?" त्या पक्क्या नांदेडच्या, मावशी औशाकडच्या. मावशी नांदेडला येऊन जमाना झाला, पण बोली लातूरचीच राहिली. वैनींनी सगळं ऐकून घेतलं आणि कुठल्याही शास्त्रज्ञाला सुचला नसता असा प्रश्न विचारला.

"तो दगड सध्या ठेवलाय कुणाच्या घरी?"

प्रश्न खरा होता. ज्याच्या घरी तो दगड, त्याच्या घरी कोण जाणार? गेलंच तर बोलणार काय? हवापाणी कसं आहे, नळ कधी येणार, एवढंच. लग्नाची बोलणी तर त्या घरात व्हायचीच नाहीत. आमच्याकडं बोलणी मोडतात ती नेहमी 'आम्ही असं म्हणलोच नव्हतो' या वाक्यावर. मध्ये दगड ठेवला तर ते वाक्यच संपलं. मध्यस्थांचा धंदा बसला.

"आणि आपल्या या भिंतीत तसला एखादा बसवला असंल तर?" वैनी म्हणाल्या.

तिघींनी भिंतीकडं पाहिलं. काळ्या दगडाची, छातीइतकी उंच, वर सिमेंटचा पाट. या भिंतीनं काय ऐकलं नाही? कुणाच्या भिशीचे पैसे कुणी वापरले, कुणाच्या सुनेनं माहेरून आणलेल्या पाटल्या खऱ्या की पॉलिशच्या, कुणाचा मुलगा पुण्याला नोकरीला आहे असं सांगतात आणि खरं काय आहे, सगळं.

"पहिल्यांदा माझंच भाईर पडंल," मावशी म्हणाल्या.

"तुमचं काही पडत नाही मावशी. तुम्ही हळू बोलल्या कधी? गल्लीला आधीच पाठ आहे सगळं."

मावशींनी ते प्रशस्तिपत्रक म्हणून घेतलं आणि शेंगा सोलता सोलता म्हणाल्या, "खोटं कशाला बोलू? तसला दगड मी बघितलाव. इजापूरला."

मग गोलघुमटाची गोष्ट निघाली. लातूरकडच्या माणसाला विजापूर काही लांब नाही, सोलापूर ओलांडलं की आलंच. मुहम्मद आदिलशहाची ती कबर १६५६ साली उभी राहिली. घुमटाचा व्यास चव्वेचाळीस मीटर, आणि आत, घुमटाच्या बुडाशी फिरती गॅलरी. एका बाजूला भिंतीला तोंड लावून कुजबुजलं, तर समोरच्या बाजूच्या माणसाला कानात बोलल्यासारखं ऐकू येतं. टाळी वाजवली की टाळ्यांची माळ लागते. मावशी लग्नानंतर दोन-चार वर्षांनी, सासरच्या माणसांबरोबर गेल्या होत्या. नवरा समोरच्या बाजूला उभा. गाईडनं सांगितलं, काहीतरी हळूच बोला. आता काय बोलावं? तर मावशी त्यांचं नाव बोलल्या! आमच्याकडं तेव्हा नवऱ्याचं नाव घ्यायचं ते उखाण्यात, तेही दहा वेळा आग्रह झाल्यावर. मावशींना वाटलं, भिंतीच्या कानात सांगितलं, कोण ऐकतंय. पण बाईंचं हळू ते हळू नव्हेच. घुमटानं ते नाव उचललं आणि वरच्या वर फिरवत राहिला. सासरे ऐकतायत, दीर ऐकतायत, शाळेची सहल आलेली, ती पोरं ऐकतायत.

"आन् ते?" वैनींनी विचारलं.

"ते काय, भिंतीला तोंड लावून म्हणाले, 'बास की.' ते बी समद्यांला ऐकू गेलं."

इतक्यात समोरचे सर पेपर घ्यायला बाहेर आले. सर कॉलेजात फिजिक्स शिकवायचे. निवृत्त झाले, पण तास संपल्याची घंटा त्यांना अजून ऐकू आलेली नाही. "तो प्रतिध्वनी हो," ते फाटकातूनच म्हणाले. "त्यानं आवाज ठेवून घेतलेला नाही, परत पाठवलाय फक्त. संध्याकाळी जाऊन तुमचं सकाळचं नाव ऐकू येतं का? नाही ना? मग झालं तर."

पण सरांनी आम्हाला अगदीच वेड्यात काढलं नाही. म्हणाले, ही कल्पना तुमच्या व्हॉट्सअपची नाही, फार जुनी आहे. कॉम्प्युटरचा आद्य आराखडा करणारा इंग्रज गणिती चार्ल्स बॅबेज. त्यानं १८३७ साली लिहून ठेवलंय, की माणूस बोललेला शब्द न् शब्द हवेच्या कणांच्या हालचालीत कायमचा उरतो, हवा म्हणजे एक अफाट ग्रंथालयच आहे. पुढं इंग्लंडात लोकांनी ते हवेतून भिंतीत आणलं. जुन्या वाड्यांच्या दगडात तिथं घडलेलं साठतं आणि मग भूत म्हणून परत दिसतं, ऐकू येतं, असं म्हणायला लागले. १९७२ साली बीबीसीनं त्यावर 'द स्टोन टेप' नावाचं टीव्ही नाटकही दाखवलं. तेव्हापासून तिकडं या समजुतीला तेच नाव पडलंय.

"म्हंजी इंग्रजांच्यात बी असतंय हे," मावशींना बरं वाटलं.

"असतंय. पण खरं नसतंय." सर आता भिंतीपाशी आले होते, म्हणजे तास सुरू. "आवाज ठेवायचा तर दोन गोष्टी लागतात. एक, आवाजाच्या धक्क्यानं उमटेल असं काहीतरी मऊ. आणि दुसरं, ते मऊ सतत पुढं सरकत राहिलं पाहिजे. ही भिंत एका जागी उभी आहे. तुमची भिशी, यांच्या पाटल्या, नळाचं भांडण, सगळं त्याच दगडावर आदळणार. एकाच पाटीवर न पुसता वर्षभर लिहीत राहिलात तर शेवटी काय वाचाल? आणि आवाजात जोर तरी किती असतो! भिंतीत शिरला की त्याची उष्णता होऊन जाते, तीही कुठल्या थर्मामीटरला कळणार नाही एवढी."

मग ते लिआँ स्कॉट नावाच्या फ्रेंच माणसावर आले. एडिसनच्या वीस वर्षं आधी, १८५७ साली, त्यानं एक यंत्र केलं. कर्ण्यात बोलायचं, पडदा थरथरायचा, पडद्याला लावलेला बारीक केस काजळी धरलेल्या कागदावर रेघ ओढायचा, आणि कागद गोल फिरत राहायचा. आवाज उमटला, पण परत वाजवायची सोयच केलेली नव्हती. त्याला आवाज नुसता बघायचा होता. १८६० साली त्यानं गाण्याची एक ओळ अशी काजळीवर धरली. ती लोकांनी कानानं ऐकली २००८ साली, अमेरिकेतल्या संशोधकांनी त्या रेघेचा फोटो कॉम्प्युटरला वाचायला लावला तेव्हा.

"दीडशे वरीस तोंडात धरून बसलं की ते!" मावशी म्हणाल्या. आता हे कागदाबद्दल होतं, पण त्यांच्या डोक्यात दगड पक्का झाला होता. "आन् आमच्या मामांजीचा फोनो? ती तबकडी दगडाचीच होती. पडली की फरशीवानी फुटायची."

सर हसतील असं मला वाटलं. सर गप्प झाले. मग म्हणाले, "तुम्ही बरोबर बोललात."

मला हे ठाऊक नव्हतं, बहुतेकांना नसावं, म्हणून जरा थांबून सांगते. चावीच्या फोनोवर लागायच्या त्या कुत्र्याच्या छापाच्या जुन्या तबकड्या, मिनिटाला अठ्ठ्याहत्तर फेरे घेणाऱ्या, त्या प्लॅस्टिकच्या नव्हत्याच. त्यात लाख असायची, आपल्या पळसा-कुसुंबावर किडे करतात ती लाख, पण ती फक्त धरून ठेवण्यापुरती. निम्म्याहून जास्त भाग असायचा तो दगडाच्या भुकटीचा. पाटीचा दगड, चुनखडी, असलं काहीतरी बारीक दळलेलं. वर रंगाला काजळी आणि थोडा कापसाचा भुसा. हे सगळं तापवून, मळून साच्यात दाबायचं. दगड घालायचा तो स्वस्त म्हणून, आणि दुसऱ्या एका कारणासाठीही. पोलादी सुई खाचेत बरोबर बसायला हवी. दगडाची भुकटी पहिल्या काही फेऱ्यांतच तिला घासून खाचेच्या मापाची करते. म्हणून तर दर तबकडीला सुई बदलायला सांगायचे. मामांजी अर्थातच बदलत नसत. डबीतल्या सुया संपल्या तर निजामाच्या राज्यात नव्या आणायच्या कुठून?

१९०२ च्या नोव्हेंबरात कोलकात्यात फ्रेड गाइसबर्गनं गौहर जानचं गाणं मुद्रित केलं, तिथून आपल्याकडं हे सुरू झालं. आधी काही वर्षं साचे जर्मनीला हॅनोव्हरला जायचे आणि तबकड्या होऊन बोटीनं परत यायच्या. लाख आमची, गळा आमचा, आणि तबकडी जर्मनीची. १९०८ साली कोलकात्यात सियालदहला कारखाना निघाला. तिथून निघालेली एखादी तबकडी औशाजवळच्या खेड्यापर्यंत कशी पोचली असेल, हे मला कुठल्याही बोलक्या दगडाहून नवलाचं वाटतं.

"म्हणजे दगड गायलाच की!" वैनींनी निकाल देऊन टाकला. "तुम्हीच म्हणले सर, निम्म्याहून जास्त दगड."

सरांची नात तोवर ब्रश तोंडात घेऊन गॅलरीत आली होती. ती विद्यापीठात भूशास्त्र शिकते. आजोबा अडचणीत सापडले की ती खाली येते, वाचवायला नाही, मजा बघायला. ती म्हणाली, "आजी, बोलणारा दगड बघायला खदानीत कशाला जायचं? आपण उभ्या आहोत तोच बोलतो. तुम्हाला आठवत नाही का नांदेडचं?"

आठवतं तर! २००६ च्या नोव्हेंबरपासून नांदेडात जमिनीतून आवाज यायला लागले. आधी वाटायचं, कुठंतरी गॅसची टाकी फुटली. मग वाटलं विहिरीचा सुरुंग. मग भांडी वाजायला लागली, तेव्हा लोक अंगणात झोपायला लागले. थंडीच्या दिवसांत, चादरी पांघरून. त्या काळात आमच्या भिंतीवर दुसरा विषयच नव्हता. वैनींच्या सासूबाईंचं ठाम मत होतं की गोदावरी खालून वाट काढतेय. कुणी म्हणे विष्णुपुरीच्या धरणाचं पाणी. हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिक संशोधन संस्थेच्या लोकांनी येऊन यंत्रं मांडली, विद्यापीठानंही लक्ष घातलं. या बारक्या धक्क्यांच्या मालिकेमागची जमिनीतली भेग कुठली, यावर त्यांचा अभ्यास पुढं २०१२ साली 'करंट सायन्स'मध्ये छापून आला.

"पण आवाज कशाचा यायचा?" मी विचारलं.

"धक्का लहान असतो, पण अगदी वरच्या थरात होतो," नात सांगायला लागली. "मोठा भूकंप खोलवर झाला तर त्याची बारीक थरथर वाटेतच विरते, वर येतो तो नुसता हेलकावा. इथं वरवर होतो, आणि आपला काळा दगड कडक, तो बारीक थरथर गिळत नाही. सेकंदाला वीसच्या वर थरथर असली की ती माणसाच्या कानाला आवाज म्हणून कळते. जमीन हलते आणि हवेला ढकलते, बस्स. पाऊस सरला की जास्त वाटतं, त्याचं एक कारण मुरलेलं पाणी असू शकतं. पाणी भेगांत उतरलं की तिथला दाब बदलतो."

"मग गोदावरी म्हणणारी सासू अगदीच चुकीची नव्हती," वैनी हळूच म्हणाल्या. सासू जिवंत असताना हे कबूल करायला त्यांची तयारी नव्हती, हे या भिंतीला माहीत आहे.

मग गाडी लातूरला गेली. सप्टेंबर २०२२ मध्ये निलंगा तालुक्यातल्या हासोरीला असेच आवाज, लोक पुन्हा घराबाहेर. १५ फेब्रुवारी २०२३ ला तर खुद्द लातूर शहरात, विवेकानंद चौकाच्या बाजूला, सकाळी साडेदहाच्या सुमारास. गंमत म्हणजे लातूर, औराद शहाजानी आणि आशिव, तिन्ही ठिकाणच्या भूकंपमापक केंद्रांवर काहीच उमटलं नाही. माणसांच्या कानांनी ऐकलं आणि यंत्रानं नाही म्हणून सांगितलं. अशा वेळी खेड्यातला माणूस कुणावर विश्वास ठेवणार? आणि २१ मार्च २०२४ ला पहाटे सहा वाजून आठ मिनिटांनी हिंगोली जिल्ह्यातून आला तो ४.५ चा, तो तर आमच्या भिंतीलाही कळला. त्याच वर्षी जुलैत परत तेवढाच.

मावशी मघापासून बोलत नव्हत्या. शेंगा सोलत होत्या. मावशी गप्प म्हणजे काय, हे आम्हाला कळतं. त्यांचं सासर किल्लारीच्या पट्ट्यातलं.

३० सप्टेंबर १९९३, पहाटे तीन वाजून छप्पन्न मिनिटं. गणपती बुडवून लोक उशिरा झोपले होते. आदल्या वर्षीपासून तिथं हादरे बसत होते, जमीन गुरगुरत होती. १९९२ च्या ऑक्टोबरात तर चांगला मोठा बसला होता. लोकांनी ओरडून सांगितलं, मग सवय करून घेतली. त्या पहाटे आठ-दहा हजार माणसं गेली. बावन्न गावं उठवून दुसरीकडं वसवावी लागली. आणि मारलं ते भूकंपानं कमी, घरांनी जास्त. दोन-दोन हात रुंद भिंती, आत-बाहेर दगड आणि मधे नुसता चिखल, वर माळवदाची टनावारी माती. हलल्याबरोबर भिंतीचे दोन पदर सुटले आणि माती खाली आली. पुढं शास्त्रज्ञांनी किल्लारीला सहाशे सतरा मीटर खोल भोक पाडून पाहिलं. तीनशे अडतीस मीटर काळा दगड, मग थोडा गाळाचा थर, आणि त्याखाली जुना खडक.

मावशी एवढंच म्हणाल्या, "आवाज आधी आला. मग भिंत."

त्यांनी नांदेडला घर बांधलं तेव्हा मिस्त्रीला बजावलं होतं, कंपाउंडला हवा तेवढा दगड लाव, घराच्या भिंतीत एक नको. आत दगड म्हणून फक्त पाटा-वरवंटा, आणि एक जातं.

नातीला बहुधा विषय बदलायचा होता. तिनं भिंतीवर थाप मारली. "आजी, हा दगड खरंच टेप आहे. आजोबांनी सांगितलं नाही ते मी सांगते." आणि मग जे सांगितलं ते मी दुपारभर घोळवत बसले होते, म्हणून जसं समजलं तसं लिहिते.

टेपरेकॉर्डरच्या पट्टीवर काय असतं? लोखंडाच्या गंजासारखी पूड. जर्मनांनी १९३० च्या दशकात पहिल्या टेप केल्या, त्यातल्या काहींवर तर सरळ मॅग्नेटाइटची काळी पूड होती. आवाज आधी विजेत, मग चुंबकात बदलायचा आणि त्या कणांत ठेवायचा. आता आपला काळा पाषाण, म्हणजे बेसॉल्ट. त्याचा काळेपणा काही अंशी याच मॅग्नेटाइटचा. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी हा सगळा दगड लाव्हा होऊन वाहत आला, हजार अंशांच्या वर तापलेला. निवत निवत सुमारे पाचशे ऐंशी अंशांच्या खाली आला, की त्या कणांतलं चुंबकत्व पृथ्वीच्या त्या वेळच्या उत्तर-दक्षिणेप्रमाणे बसतं, आणि तसंच राहतं. एकेक थर वाहून आला, निवला आणि त्या वेळची दिशा आत घेऊन बसला. म्हणजे टेप पुढं सरकत गेली, सरांची ती दुसरी अटही पुरी झाली. आणि हे वाजवताही येतं. दगडाचा तुकडा प्रयोगशाळेतल्या मापकात ठेवायचा. १९५० च्या दशकात लंडनच्या इंपीरियल कॉलेजच्या क्लेग आणि सोबत्यांनी दख्खनचे दगड असे वाजवून पाहिले, तर दगडांनी साक्ष दिली की हा लाव्हा वाहिला तेव्हा ही जमीन विषुववृत्ताच्या पार दक्षिणेला होती. म्हणजे नांदेड, लातूर, औसा, सगळं गाव उचलून उत्तरेला चालत आलंय. वर आणखी एक. यातले बरेचसे थर उत्तर-दक्षिण उलटी दाखवतात, कारण त्या काळात पृथ्वीचं चुंबकच उलटं होतं.

"मंग बोलणं? बोलणं न्हाई धरत?" मावशी.

"नाही आजी. दिशा धरतो. बोलणं नाही."

"मंग काय कामाचा!"

वैनींचा जीव मात्र भांड्यात पडला. भिशीचं गुपित दगडात साडेसहा कोटी वर्षं राहणार नव्हतं.

पण मावशींचं समाधान झालं नव्हतं, आणि पुढं जे झालं त्यासाठीच खरं तर हे सगळं लिहायला घेतलं. वैनींनी सहज विचारलं, "मावशी, ते जातं कुठलं हो तुमचं?"

"गावचं. सासूचं. समदं घर बसलं, जातं तेवढं धड निघालं. तळी बी, पाळू बी. खुंटा नवा बसवलाव."

सासूबाई त्यात गेल्या होत्या. समोरच्या घरची जाऊ गेली. पहाटे दोघी समोरासमोर बसून दळायच्या. गावात गिरणी आल्यावरही सणासुदीला, लग्नाच्या हळदीला दळायच्याच. सासूबाईंना ओव्या किती येत होत्या, कुणी मोजल्या नाहीत. भावाच्या, लेकीच्या, पंढरीच्या, दुष्काळाच्या. "येकदा म्हणलेली परत म्हणायच्या न्हाईत. दळण सरायचं, ओव्या न्हाई."

"तुम्हाला येतात त्यातल्या?" नातीनं विचारलं.

"मला कुठल्या येतेत! इसरलं समदं." मग जरा थांबून, "अशा उभ्यानं न्हाईत येत. बसावं लागतंय."

जात्यावर बसलं की ओवी सुचते, ही म्हण मी शाळेत वाक्यात उपयोग करून लिहिली होती. डोळ्यांनी त्या दिवशी पाहिली. आम्ही सगळ्या भिंतीला वळसा घालून मावशींच्या मागच्या पडवीत गेलो. सरही आले, पण दारात उभे राहिले. जात्यावर कपड्यांचं गाठोडं होतं, ते काढलं. मावशींनी एक पाय लांब केला, एक दुमडला. मूठभर ज्वारीची वैरण घातली, खुंटा धरला, एक फेरा दिला, दोन फेरे दिले. जात्याला टाकी लावून बरीच वर्षं झालेली, दाणा नीट भरडत नव्हता, नुसता घरघर आवाज. आणि पाचव्या-सहाव्या फेऱ्याला त्या गायला लागल्या. आवाज त्यांचा रोजचा नव्हे. बारीक आणि वरच्या पट्टीतला, आणि शब्द जुने, आता त्या स्वतः बोलत नाहीत तसे. एक झाली, तिच्या शेपटाला धरून दुसरी. हात थांबला की ओवी थांबायची. विचारलं पुढची काय, तर मान हलवायच्या. फेरा दिला की यायची.

सर काही बोलले नाहीत. फिजिक्समध्ये यावर धडा नसावा.

नातीनं मोबाईल पुढं धरला होता, तो मावशींनी पाहिला की नाही कोण जाणे. नंतर तिनं सांगितलं, की हे काम फार मोठ्या प्रमाणावर झालेलं आहे. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी ऐंशीच्या दशकापासून गावोगाव फिरून जात्यावरच्या ओव्या लिहून घेतल्या. हजाराहून जास्त गावं, लाखावर ओव्या. नव्वदच्या दशकात बर्नार्ड बेल यांच्या साथीनं त्यातल्या पुष्कळ टेपवर घेतल्या. राईरकर आणि पॉइतवाँ दोघंही आता नाहीत. 'पारी' या ग्रामीण भारताच्या संग्रहानं २०१७ पासून ते सगळं लोकांना ऐकायला खुलं केलंय. त्यात आपल्या मराठवाड्याच्या बायका आहेत. परभणीकडच्या ताडकळसची आहे, बीडकडच्या माजलगावच्या भीमनगरातल्या आहेत, बाबासाहेबांच्या ओव्या गाणाऱ्या. मी त्या रात्री ऐकल्या. मावशींना दुसऱ्या दिवशी ऐकवल्या तर म्हणाल्या, "चाल आमचीच हाय. शबुद येगळे हायेत." आणि लगेच दुरुस्तीही केली, "ही वळ आमच्याकडं अशी न्हाई म्हणत." म्हणजे आमच्याकडची अजून कुणी घेतलेली नसावी.

मावशींच्या त्या दिवशी अकरा ओव्या आल्या. सासूबाईंच्या किती गेल्या त्याचा हिशोब नाही.

तेव्हा वाचक हो, त्या व्हिडिओतल्या दगडाचा पत्ता मला विचारू नका, आणि तो व्हिडिओ पुढंही पाठवू नका. तुमच्या घरात, गावाकडं, शेजारी कुणी आजी, आत्या, मावशी असेल, जिनं कधीकाळी दळलेलं आहे, तिच्याकडं या रविवारी जा. नुसतं 'म्हणा' म्हणू नका, जात्याशी बसवा. जातं वापरात नसेल तर त्याला टाकी लावणारा शोधा, अजून सापडतो. पंखा बंद करा, टीव्ही बंद करा, मोबाईल जवळ ठेवा, पण जमिनीवर नको, घरघर जास्त येते. आधी तिचं नाव, माहेर, सासर आणि तारीख तिच्याच तोंडून बोलून घ्या. आणि मध्येच 'वा' म्हणू नका, हात थांबतो.